पडजीभ

खोली नंबर चौदा. कान, नाक, घसा.
माझं काम केसपेपर लिहायचं.
तक्रारीच्या रकान्यात मावेल तेवढंच आजारपण,
उरलेलं माणूस परत घेऊन जातं.

विडी घरकुलातनं यल्लूबाई येमूल आल्या,
बोटांना तंबाखूचा वास, काखेत नातू.
म्हणाल्या, लिवा, कोंडनालुक लोंबलंय.
मी पेन उचललं. थांबलो.
कोंड म्हणजे डोंगर. एवढी तेलुगू उरलीय माझ्याकडं.
डोंगराची जीभ?
छातीवरच्या पट्टीवर त्यांनी माझं आडनाव वाचलं:
चिप्पा ना तुमी? आन् तुमाला यीना?

मागून अक्कलकोटचे हिरेमठ अण्णा ओरडले,
किरुनालिगे म्हणा की ओ! धाकटी जीभ.
बाकावरनं शबनमबींची दुरुस्ती आली:
कव्वा. कव्वा गिर गया, बोलते इसकू.
डोंगर, धाकटी, कावळा.
एका घशाच्या बोळात तीन पेठा भांडताहेत
आणि मागं रांग जिन्यापर्यंत.

डॉक्टर आत टॉर्च लावून फक्त युव्हुला म्हणतात.
कुठल्याशा जुन्या भाषेत म्हणे तो द्राक्षाचा मणी.
असेल. नान्नजच्या बागेत छाटणीनंतर
वेलीवर चुकून राहतो तसा एक,
कुणी न तोडलेला.

मराठीत पडजीभ.
मला वाटायचं, पडलेली जीभ.
लहानपणी ती पडली की मावशी
टाळूवरच्या केसांचा झुपका धरून असा हिसडा द्यायची
की डोळ्यांत पाणी आणि जीभ जागेवर.
निदान ओरडणं तरी थांबायचं.

मग साखर पेठेतल्या कारखान्यात
चालत्या मागाशेजारी बाबा कोसळले.
आ करा, म्हणाले तेव्हाचे डॉक्टर.
मी त्यांच्या खांद्यावरून पाहिलं:
टॉवेलच्या दशीएवढं ते मांस
एका बाजूला ओढलं गेलेलं,
धोटा अडकावा तसं.
गिळताना नाकाची वाट बंद करायची
ही तिची चाकरी, ती सुटली.
चमच्यानं पाजलेलं पाणी नाकातनं यायचं.
आणि बोलणं. सगळं नाकातनं, सगळं तेलुगूत.
चाळीस वर्षं मागांच्या खडखडाटावर मराठीत ओरडलेला माणूस
शेवटी घरच्या भाषेत गुणगुणायला लागला,
आणि मी उशी दिली, पाणी दिलं, खिडकी उघडली.
आई भाकरी टाकून आली तेव्हा कळलं,
विचारत होते, माग बंद केला का?

तेव्हा पटलं होतं. पडलेलीच जीभ.

परवा होटकर मॅडम आल्या होत्या.
तीस वर्षं फळ्यासमोर आवाज झिजवलेला,
स्वरयंत्रावर गाठ, एक महिना सक्तीचं मौन.
माझ्या तोंडून पडलेली ऐकलं आणि
औषधाच्या चिठ्ठीमागं रागानं लिहिलं:
पड म्हणजे पडणे नव्हे. पड म्हणजे प्रति.
पडसाद. पडछाया. पडजीभ.
खाली दोनदा रेघ. शाळेत मारतात तशी.

चिठ्ठी अजून खिशात आहे.
म्हणजे ती पडलेली नव्हती कधीच.
जिभेमागं उभी असलेली दुसरी,
पुढची बोलते तेव्हा वर उचलली जाणारी,
चव नाही, शब्द नाही,
नुसती साथ.

रकान्यात मी पडजीभ लिहिलं, सूज, सहा दिवस.
यल्लूबाईंनी कागद उलटासुलटा पाहिला.
आमच्यात म्हनत्यात, त्या म्हणाल्या,
कोंडनालुकला औषिद घातलं, हाय ती जीभ गेली.
आणि हसत, खोकत नातवाला घेऊन
टॉर्चच्या रांगेत जाऊन बसल्या.

दुपारी बेसिनवरच्या आरशात तोंड उघडलं.
आ.
उचलली गेली. सरळ, मधोमध.
पुन्हा आ.
बाहेर कुणीतरी दार वाजवत होतं,
कुठल्या भाषेत, ते ऐकलं नाही.